मानेतल्या धमनीच्या इजेचं कोडिंग: कोणता कोड, कोणता क्रम? सल्ला हवा

सुरसागर:
बडोद्यात मेडिकल कोडिंग करणाऱ्या मंडळींना प्रश्न. अमेरिकन खात्याचा इनपेशंट (दाखल रुग्णाचा) चार्ट आहे, आयसीडी-१०-सीएम (आजार-इजांच्या कोडची अमेरिकन यादी). मोटार अपघात. उजव्या कॅरोटिडला (मानेतून मेंदूकडे जाणारी मोठी धमनी) डिसेक्शन (भिंतीचे थर वेगळे होऊन मध्ये रक्त शिरणं), मानेच्या पाचव्या मणक्याला फ्रॅक्चर (हाड जागेवरच), मज्जारज्जू ठीक. तिसऱ्या दिवशी मेंदूच्या उजव्या बाजूला इन्फार्क्ट (रक्त न पोचल्याने झालेला स्ट्रोक), डावं अर्धांग. टीममध्ये एक जण आय७७.७१ म्हणतो, दुसरा एस१५. क्रम काय लावायचा? दुसरं म्हणजे, उत्तरायणात मांजाने गळा कापलेल्यांचे कागद इथल्या रेकॉर्ड विभागात येतात. तिथल्या शिकाऊ मुलांना काय सांगू?

दांडियाबाजार:
आय७७.७१ बाद. तो कोड आपोआप झालेल्या डिसेक्शनचा. व्हर्टिब्रलचा (मानेतली मागची धमनी) तसाच आय७७.७४. अपघाताने झालं असं डॉक्टरांनी लिहिलंय, मग एस१५.०. धमनी फाटली असं कुठे नाही, म्हणून पाचवं अक्षर ९, 'इतर स्पष्ट केलेली इजा'. सहावं १, उजवी बाजू. सातवं ए, म्हणजे सक्रिय उपचार चालू. एकूण एस१५.०९१ए. (इथे देवनागरीत लिहितोय, सिस्टीममध्ये अर्थातच रोमन टाका.)

कॉमन, एक्स्टर्नल आणि इंटर्नल कॅरोटिडचा कवटीबाहेरचा भाग, तिन्ही एस१५.० मध्येच. इंटर्नल कॅरोटिड कवटीत शिरल्यावर मात्र एस०६.८. सीटीत 'पेट्रस' किंवा 'कॅव्हर्नस' (धमनीचे कवटीतले भाग) दिसलं की थांबा आणि भाग पुन्हा वाचा. ही चूक फार होते, कारण सारांशात नुसतं 'आयसीए डिसेक्शन' असतं (आयसीए म्हणजे इंटर्नल कॅरोटिड).

आता क्रम. मुख्य इजा सर्वांत गंभीर ती, आणि गंभीर कोणती हे डॉक्टर ठरवणार, आपण नाही. मुख्य इजा दुसरी असून रक्तवाहिनीला किरकोळ धक्का असेल तर ती दुसरी इजा आधी. इथे सगळे उपचार कॅरोटिडभोवती फिरलेत, म्हणून एस१५.०९१ए वर, मग फ्रॅक्चरचा एस१२.४०१ए. एस१२ ची सातवी अक्षरं वेगळी असतात, तिथे उघड्या फ्रॅक्चरला बी येतं, तेवढं बघा. मज्जारज्जूला इजा असती तर एस१४ हा एस१२ च्या आधी लावावा लागला असता.

स्ट्रोकचा कोड कारणावर ठरतो: एम्बोलिझम (वाहून आलेली गुठळी) लिहिलं असेल तर आय६३.१३१, थ्रॉम्बोसिस (जागीच झालेली गुठळी) असेल तर आय६३.०३१, कारण न देता कॅरोटिड बंद एवढंच असेल तर आय६३.२३१. सोबत अर्धांगाचा जी८१.९४; बाजू डावी असेल आणि हात कोणता वापरतो हे लिहिलेलं नसेल, तर अप्रबळ बाजू धरायची असा नियम आहे. दाखल होताना होतं का या रकान्यात इजेला वाय (हो), स्ट्रोकला एन (नाही). घाईत दोन्हींना वाय लागतो आणि ऑडिटमध्ये नेमका तोच सापडतो.

सुरसागर:
न्यूरो नोटमध्ये एम्बोलिझम आहे, तेव्हा आय६३.१३१. रेडिओलॉजी अहवालात 'ग्रेड ३' असंही आहे. त्याचा काही उपयोग?

मकरपुरा_कोडर:
ती बोथट इजेची डेन्व्हर श्रेणी. १ म्हणजे आतल्या थराचा खडबडीतपणा किंवा २५ टक्क्यांपेक्षा कमी अरुंदपणा, २ म्हणजे २५ टक्के किंवा त्याहून जास्त अरुंदपणा, ३ स्यूडोअ‍ॅन्युरिझम (भिंतीबाहेर आलेला रक्ताचा फुगा), ४ पूर्ण बंद, ५ तुटून बाहेर रक्तस्राव. आयसीडीत श्रेणीला स्वतंत्र जागा नाही. १ ते ४ साठी एस१५.०९ हाच गट. ५ दिसलं तर मेजर लॅसरेशन (मोठी चीर), एस१५.०२, पण ते फक्त रेडिओलॉजीच्या भरवशावर नको. इनपेशंटमध्ये उपचार करणाऱ्या डॉक्टरांनी निदान लिहिलेलं हवं. नसेल तर त्यांना क्वेरी (लेखी विचारणा) पाठवा, आणि क्वेरीत उत्तर सुचवू नका. अहवालातलं वाक्य जसंच्या तसं उतरवून 'याचं वैद्यकीय महत्त्व कृपया नोंदवावं' एवढंच.

मायनर-मेजरचंही सांगतो, कारण इथे लोक सरसकट मेजर लावतात. सर्जनने नुसतं 'लॅसरेशन ऑफ कॅरोटिड, रिपेअर्ड' लिहिलं असेल तर तो मायनर, एस१५.०१. अर्धवट कापलेली धमनीही मायनरच. मेजर म्हणजे संपूर्ण आरपार तुटलेली किंवा आघाताने फुटलेली. शस्त्रक्रियेला किती तास लागले, रक्ताच्या किती पिशव्या चढवल्या, याचा या अक्षराशी संबंध नाही.

रावपुरा_रेकॉर्डवाला:
मांजाचं. इथल्या रुग्णालयात बहुधा जागतिक आरोग्य संघटनेची आयसीडी-१० चालते, सीएम नव्हे. तिथे एस१५.० नंतर काही नाही: ना बाजू, ना सातवं अक्षर. उलट तिथे एस१५.७ आहे, मानेतल्या अनेक रक्तवाहिन्यांची इजा. सीएममध्ये तो नाहीच, प्रत्येक वाहिनी वेगळी लावायची. मुलं दोन्हीकडे काम करतात आणि नेमका इथेच घोळ होतो.

मांजाने गळ्याची पुढची-बाजूची त्वचा कापली की बरेचदा वरवरची शीर सापडते, म्हणजे एक्स्टर्नल जुग्युलर, एस१५.२. 'गळ्याची नस कापली' एवढंच असेल तर एस१५.९, कॅरोटिड गृहीत धरू नका. शस्त्रक्रियेची नोंद मागवा. उघडी जखम एस११ वेगळी लावायची. बाह्य कारण ठरवायचं तर रुग्ण गच्चीवर होता की चालत्या दुचाकीवर, हे आधी पाहा. चालत्या गाडीवर असेल तर तो वाहतूक अपघात होतो, व्ही२० ते व्ही२९ तपासा. गच्चीवर असेल तर डब्ल्यू गट. केसपेपरात हे नसलं तर पोलिसांच्या कागदात बहुतेक वेळा असतं.

दांडियाबाजार:
आणखी एक भर. सेंट्रल लाइन (मोठ्या शिरेत नळी) घालताना चुकून कॅरोटिडला सुई लागली तर एस१५ नको. ती प्रक्रियेतली गुंतागुंत, आय९७.५१ किंवा आय९७.५२. हृदय-रक्तवाहिन्यांचीच प्रक्रिया चालली असेल तर पहिला, दुसरी कोणतीही असेल तर दुसरा. आणि तुमचा रुग्ण पुढे ओपीडीत आला की लगेच सातवं अक्षर डी लावू नका. ए म्हणजे पहिली भेट नव्हे, सक्रिय उपचार. डिसेक्शनसाठी स्टेंट टाकायला आला तरी ए. नुसती तपासणी, भरून येतंय का बघायला, तर डी, आणि रक्त पातळ करणारं औषध चालू असेल तर झेड७९.०१ जोडा; अ‍ॅस्पिरिन त्यात येत नाही.