'स्वतःच्या भूमिकेत' की दस्तुरखुद्द?

पाटीपेन्सिल: एका माहितीपटाच्या श्रेयनामावलीचं मराठी करतोय. त्यात गांधीजींची जुनी चित्रणं वापरली आहेत, आणि मूळ यादीत त्यांच्या नावापुढे आहे 'सेल्फ, अर्काइव्ह फुटेज'. माझ्याआधीच्याने केलंय, 'स्वतःच्या भूमिकेत (अभिलेखीय चित्रण)'. गांधीजी कसली भूमिका करणार, कप्पाळ! बरा शब्द सुचवा.

खडूसकाका: 'दस्तुरखुद्द' आहे की. भारदस्त.

मोडीवाला: काका, इथे नको. जुन्या पत्रांत मजकूर कारकून लिहायचा. धन्याच्या हातचं अक्षर असलं की ते दस्तुरखुद्द. पुढे अर्थ सरकत 'जातीने, प्रत्यक्ष' असा झाला. पण दोन्हीकडे त्या माणसाने आपण होऊन काहीतरी केलेलं असतं. लिहिलंय, नाहीतर आलाय. जुन्या चित्रणातला माणूस येत नाही, आणला जातो. विठ्ठलभाई झवेरींचा गांधीजींवरचा साडेपाच तासांचा चित्रपट १९६८चा, म्हणजे गांधीजी जाऊन वीस वर्षं झाल्यावरचा. दस्तुरखुद्द कसे येतील?

खडूसकाका: बरं. मागे घेतो.

शेवग्याची_शेंग: 'स्वतःच्या भूमिकेत' सरसकट चूक नाही हं. 'गुड्डी'त (१९७१) धर्मेंद्र धर्मेंद्रच आहे, पण संवाद लिहून दिलेले. ती भूमिकाच झाली. उलट 'ब्लेअर विच प्रोजेक्ट'मध्ये (१९९९) तिन्ही मुख्य पात्रांना नटांचीच नावं आहेत, कॅमेराही त्यांच्याच हातात, तरी ते 'स्वतः' नाहीत. जंगलात हरवली ती पात्रं. म्हणजे नाव जुळलं की काम भागलं, असं नाही.

पाटीपेन्सिल: हरवलेल्यांची रिळं मागाहून सापडली असं भासवायचा जो प्रकार ('फाउंड फुटेज'), त्याला 'सापडलेलं चित्रण' म्हणू का?

शेवग्याची_शेंग: खरोखर सापडलेल्या रिळांना म्हणा. इथे 'सापडल्याची बतावणी' आहे. (हा शब्द तमाशावाल्यांनी आपल्यासाठी राखूनच ठेवलाय.)

मोडीवाला: मूळ प्रश्नाकडे येतो. १९०१मध्ये गणिती रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले तेव्हा सावेदादांनी (भाटवडेकर, आपल्याकडचे अगदी सुरुवातीचे चित्रपटकार) मुंबईत त्यांचं चित्रण केलं. त्यात परांजप्यांनी 'काम केलं' असं कुणी म्हणेल का? मराठीत क्रियापदच निवाडा करतं. नट भूमिका करतो, जुन्या चित्रणातला माणूस नुसता दिसतो. म्हणून 'स्वतः' गाळाच. 'महात्मा गांधी (संग्रहित चित्रण)' एवढं पुरे. वर्तमानपत्रं जुन्या फोटोखाली 'संग्रहित छायाचित्र' छापतात, ते सगळ्यांना कळतं. 'अभिलेखीय' म्हटलं की सात-बारा काढायला आल्यासारखं वाटतं.

खडूसकाका: आणि त्याच माहितीपटात गांधीजींचं सोंग घेतलेला नटही असला तर?

मोडीवाला: दोन मथळे करा. एक 'भूमिका', दुसरा 'संग्रहित चित्रणात'.

पाटीपेन्सिल: पटलं, तसंच करतो. आता एक खोडी. 'फॉरेस्ट गंप'मध्ये (१९९४) केनेडींचं खरं चित्रण घेऊन त्यात टॉम हँक्सला बसवलाय, आणि केनेडींचे ओठ बदलून त्यांच्या तोंडी नवी वाक्यं घातली आहेत. ते कुठल्या मथळ्याखाली?

शेवग्याची_शेंग: तिथे तुमच्या आधीच्या भाषांतरकाराचं 'स्वतःच्या भूमिकेत' वापरा. मेल्यावर का होईना, करून घेतलीच आहे त्यांच्याकडून भूमिका.