फैजपूरला खेडूत काय फक्त नेहरू बघायला गेला होता?

तापीकाठ: मास्तर, काल तुम्ही लिहिलं की खान्देशात स्वातंत्र्यलढा वकील-व्यापाऱ्यांनी लढला, खेडूत १९३६ ला फैजपूरला जत्रेसारखा गेला, नेहरू बघितले अन् परत येऊन औत धरलं. रात्रभर झोप नाही. काँग्रेसचं ते खेड्यातलं पहिलं अधिवेशन. बांबूचं नगर आखलं नंदलाल बोसांनी, पण बांबू वाहिले कोणी? वकिलांनी?

निवृत्त मास्तर: बांबू वाहणं म्हणजे बलिदान नव्हे. ९ सप्टेंबर १९४२ ला नंदुरबारला शिरीषकुमारसह पाच पोरं गोळीला बळी पडली. शहरातली, शाळेत जाणारी. कटू असलं तरी खरं.

सातपुडा: त्याच जिल्ह्यातलं रावलापाणी कुठं गेलं? २ मार्च १९४३, आप की जयवाल्या आदिवासींवर गोळीबार. १८५८ चं आंबापाणी, भिल्लांची इंग्रजांशी झालेली लढाई, तर तुम्ही शाळेत शिकवलंही नसेल.

निवृत्त मास्तर: शिकवलंय! पण आप की जय ही दारू सोडायची, भक्तीची चळवळ.

सातपुडा: दारू सुटली की अबकारी कोणाची बुडते, मास्तर?

केळीवाला: ते सोडा. आमच्या गावात एकानं स्वातंत्र्यसैनिकाचा खोटा दाखला जोडून जन्मभर पेन्शन खाल्ली, बेचाळीसला तो पाळण्यात होता. माझा चुलत आजा खरा तुरुंगात गेला, पण सोबतचा कैदी आधीच वारला. तो तुरुंगात होता म्हणून दाखल्यावर सही कोण करणार?

निवृत्त मास्तर: सगळ्यांचेच आजे तुरुंगात होते भाऊ.

केळीवाला: तोंड सांभाळून बोला. तुमच्या घरचं कोण गेलं होतं?

तापीकाठ: भांडा खुशाल, पण हे ऐका. १९४४ ला चिमठाण्याला क्रांतिकारकांनी साडेपाच लाखांचा सरकारी खजिना लुटला, त्यात उत्तमराव पाटलांचं नाव सगळ्यांना पाठ. नंतर पोलीस गावोगाव फिरले. आजी सांगायची, भूमिगत पोरं रात्री यायची, ती कळण्याच्या भाकरी थापायची अन् म्हणायची, "तुमी जेवा, मी दारमा बठस." पोलीस आले तेव्हा कणगी उलटी केली, वर्षाची ज्वारी शेणात गेली. ती पावसाळाभर उसनं मागत फिरली. ना दाखला, ना ताम्रपट.

निवृत्त मास्तर: आजींना नमस्कार. "जत्रेसारखा" हा शब्द मागे घेतो, बाकी पोस्ट राहील.

सातपुडा: मोठे उपकार झाले!

केळीवाला: अन् दाखल्याचं काय?