कार्डावर ‘पॅच अँजिओप्लास्टी’ लिहिलंय, पण ना फुगा ना स्टेंट. मग केलं काय?

साखळीचा मास्तर

नमस्कार. मी गोव्यात साखळीला प्राथमिक शाळेत शिकवतो. माझा प्रश्न डॉक्टरीचा की भाषेचा हे मलाच ठरवता येत नाही.

बाबा ७१ वर्षांचे. दर गुरुवारी देवळात भजनाला बसतात, म्हणायला पुढं तेच. दीड महिन्यापूर्वी अभंग रंगात असताना उजव्या हातातला टाळ मांडीवर पडला आणि बाबांचे शब्द गेले. सूर होता, तोंडातून काहीतरी येत होतं, पण ते शब्द नव्हते. आम्हाला वाटलं गहिवरले. पेटीवाल्याला तर वाटलं अंगात आलं. दहा मिनिटांनी सगळं पहिल्यासारखं, आणि वर आम्हालाच विचारतात, ‘थांबलात कशाला?’

दुसऱ्या दिवशी मानेची डॉपलर सोनोग्राफी केली. डावी कॅरॉटिड, म्हणजे मेंदूला रक्त नेणारी मानेतली धमनी, ८० टक्के अरुंद निघाली. आठवड्याच्या आत ऑपरेशन झालं, बाबा घरी आले, सुखरूप आहेत. मानेवर कानाखालून खाली तिरका टाका आहे. आवाज बसलाय.

आता मुद्दा. डिस्चार्ज कार्डावर लिहिलंय: ‘लेफ्ट कॅरॉटिड एंडार्टरेक्टॉमी विथ पॅच अँजिओप्लास्टी’. विमा कंपनीचा माणूस म्हणतो, अँजिओप्लास्टी आहे तर स्टेंटचा स्टिकर जोडा. स्टेंट घातलेलाच नाही, तर स्टिकर कुठून आणू? भजनातल्या मंडळींनी तर निकालच लावला: अँजिओप्लास्टी म्हणजे हृदयाचंच, मास्तर उगाच मानेचं सांगतो. शिवाय एका सोसायटीच्या मदतनिधीसाठी मराठीत अर्ज लिहायचाय. मी ‘धमनी दुरुस्ती’ लिहिलं, तर वाचून बायको म्हणाली, स्कूटर गॅरेजला टाकल्यासारखं वाटतं.

एकाच ऑपरेशनाला दोन नावं का? आणि यात अँजिओप्लास्टी नेमकी कुठली?

म्हापसेकर७७

अँजिओप्लास्टी म्हणजे मांडीतून किंवा मनगटातून तार घालतात, फुगा फुगवतात, स्टेंट म्हणजे जाळीची बारीक नळी आत ठेवतात. माझ्या काकांना दोन घातलेत. मान कापायची गरजच नसते. मला तर बिल वाढवण्यासाठी जादा शब्द लिहिल्यासारखा वाटतो. नीट चौकशी करा.

निवृत्त सिस्टर, ताळगाव

म्हापसेकर, काकांना नमस्कार सांगा, पण मास्तरांना घाबरवू नका. कार्डावर लिहिलंय ते बरोबर आहे.

मी डॉक्टर नाही. ३१ वर्षं थिएटरात काढली, त्यातली शेवटची बारा रक्तवाहिन्यांच्या सर्जनच्या हाताशी. हत्यारांचा ट्रे मांडणारीला सर्जनआधी कळतं आज काय होणार ते.

मास्तर, नाव एकाच ऑपरेशनाचं आहे, पण त्यात कामं दोन आहेत. पहिलं एंडार्टरेक्टॉमी. धमनीला तीन पदर असतात. चरबीचा आणि चुन्याचा थर साचतो तो आतल्या बाजूला. सर्जन मानेत धमनी मोकळी करतो, खालून-वरून चिमटे लावून रक्त थांबवतो, धमनीला उभी चीर देतो आणि तो थर आतल्या पदरासकट सोडवून काढतो. लोक याला ‘खरवडणं’ म्हणतात, ते मला पटत नाही. नारळ खवताना आपण खरवडतो. हे काम सुक्या नारळासारखं आहे: खोबरं सुकलं की वाटी करवंटीपासून सुटते, सुरीचं टोक नेमक्या जागी गेलं की अख्खी बाहेर येते. सर्जनच्या हातात चपटी बोथट पट्टी असते आणि तो ती सुटण्याची जागा शोधत असतो. एकदा सापडली की थर सालपटासारखा निघतो. मी किडनी ट्रेमध्ये घेतलेत असे थर, अगदी धमनीच्या फाट्याच्या आकाराचे, वाय अक्षरासारखे. काही इतके कडक की ट्रेत टाकल्यावर टक्कन आवाज यायचा.

आता दुसरं काम, तुमचा खरा प्रश्न. थर निघाला, चीर उघडी आहे. नुसती शिवली तरी बंद होते. पण माझी आई म्हापशाला शिवणकाम करायची, तिच्या मांडीला मांडी लावून एक गोष्ट शिकले: शिवण घातली की दोन्हीकडचं थोडं थोडं कापड शिवणीत जातं. परकराच्या घेराला त्याचं काही वाटत नाही. करंगळीहून बारीक नळीला वाटतं. जी अरुंद होती म्हणून उघडली, तीच शिवून पुन्हा अरुंद करायची? म्हणून चिरेच्या दोन काठांमध्ये लांबट पानाच्या आकाराचा तुकडा बसवतात आणि केसासारख्या निळ्या धाग्यानं कडेकडेनं शिवत जातात. तोच पॅच. त्यानं नळीला रुंदी मिळते, तीच इथली अँजिओप्लास्टी. यात फुग्याचा काही संबंध नाही.

‘पॅच’चं मराठी कुणी ‘ठिगळ’ करेल. करू नका. ठिगळ भोकाला लावतात. झंपर काखेत आवळला तर आई ठिगळ नाही लावायची, कळी घालायची, म्हणजे रुंदीसाठी मध्ये जादा कापडाचा तुकडा जोडायची. ही कळी आहे.

तुकडा कशाचा ते ऑपरेशन नोटमध्ये असतं. कधी पायातली स्वतःचीच शीर, कधी डेक्रॉनसारखं कृत्रिम कापड, कधी बैल-गाईच्या हृदयावरचं प्रक्रिया केलेलं आवरण. हे शेवटचं कळलं की काही घरांत धक्का बसतो, म्हणून आमचे एक सर्जन आधीच विचारून घ्यायचे. चांगली सवय.

काही सर्जन चीर उभी न देता धमनी फाट्याशी तोडतात, बाही उलटावी तशी उलटी करून थर काढतात आणि पुन्हा जोडतात. त्याला इव्हर्जन म्हणतात. तिथं कळी लागत नाही, म्हणून कार्डावर ‘पॅच अँजिओप्लास्टी’ येत नाही. म्हणजे तो शब्द जादा नाही, कुठल्या रीतीनं केलं ते सांगणारा आहे.

विम्यासाठी: सर्जनकडून चार ओळींचं पत्र घ्या. उघडी शस्त्रक्रिया केली, स्टेंट वापरला नाही, अमुक प्रकारचा पॅच वापरला, एवढंच. पॅच विकतचा असेल तर त्याचाही स्टिकर असतो, तो बहुतेक ऑपरेशन नोटच्या कागदावर चिकटवलेला सापडेल. स्टेंटच्या स्टिकरऐवजी तो जोडा. विमा कंपनीच्या टेबलावरच्या माणसानं ‘अँजिओप्लास्टी’ शब्द बघून ठरलेली यादी पुढं केली असणार.

एक विचारते, बाबांना पूर्ण भूल दिली होती की जागं ठेवलं होतं? आमच्याकडे काहींना नुसती मान बधिर करून घ्यायचे. धमनीला चिमटा लावला की मेंदूला रक्त पोचतंय का ते कळायला हवं. डावी मान असेल तर उजव्या हातात लहान पोरांचं वाजणारं रबरी बदक द्यायचो. सर्जन म्हणाला ‘दाबा’ की पीक! वाजलं नाही की सगळ्यांच्या हालचाली बदलायच्या, लगेच आतून तात्पुरती नळी घालून रक्त चालू करायचे. ते बदक माझ्या कपाटात होतं, नातवानं चावून टाकलं.

आवाजाचं: तिथूनच आवाजाच्या दोऱ्यांकडची नस जाते, ती ओढली-दुखावली गेली की आवाज बसतो. बहुतेकांचा काही आठवड्यांत सुधारतो. पण बाबा गाणारे आहेत, सर्जनला नक्की सांगा, कान-नाक-घशाच्या डॉक्टरला दाखवा. पाणी पिताना ठसका लागत असेल तर उशीर नको. आणि दाढी स्वतः करत असतील तर जपून. कानाची पाळी, जबड्याचा कोपरा बधिर राहतो, कापलं तरी कळत नाही.

शब्दांच्या मागावर (मडगाव)

सिस्टर, ‘कळी’ला माझा मानाचा मुजरा. भाषेच्या बाजूचं थोडं मी सांगतो.

अँजिओ म्हणजे वाहिनी, प्लास्टी म्हणजे आकार देणं, घडवणं. दोन्ही ग्रीक. शब्दात फुगा कुठंच नाही. नाकाला आकार दिला तर ऱ्हायनोप्लास्टी, वाहिनीला दिला तर अँजिओप्लास्टी. घोळ नंतरचा. अमेरिकेत चार्ल्स डॉटर यांनी १९६४ मध्ये पायाची धमनी न कापता, आतून नळ्या घालून रुंद केली. आंद्रेआस ग्रुंट्सिग यांनी १९७७ मध्ये झ्युरिकला हृदयाच्या धमनीत फुगा फुगवला. त्या उपायाचं पूर्ण नाव लांबलचक होतं: ‘कातडीतून, वाहिनीच्या पोकळीतून केलेली’ अँजिओप्लास्टी. वेगळेपण पहिल्या दोन शब्दांत होतं. बोलताना लोकांनी नेमके तेच गाळले आणि सगळ्या घराण्याचं आडनाव एका मुलाच्या नावावर झालं. थोरला भाऊ, म्हणजे चाकू-सुईची अँजिओप्लास्टी, आता परका वाटतो. स्टेंटची तर आणखी मजा. चार्ल्स स्टेंट हे एकोणिसाव्या शतकातले इंग्लंडचे दंतवैद्य, दातांचे साचे घेण्याचं त्यांचं मिश्रण होतं. त्यांचं आडनाव फिरत फिरत हृदयात जाऊन बसलं.

मास्तरांना शेपट्या ओळखता आल्या की कुठलंही कार्ड वाचता येईल. ‘ओटॉमी’ म्हणजे नुसती चीर. ‘एक्टॉमी’ म्हणजे कापून काढणं. ‘ऱ्हाफी’ म्हणजे शिवण, म्हणून आर्टेरिओऱ्हाफी म्हणजे धमनी फक्त शिवणं, सुरी लागून कापली गेली तर करतात तसं. अ‍ॅनास्टोमोसिसमध्ये ‘स्टोमा’ म्हणजे तोंड आहे: तोंडाला तोंड जोडणं. आणि एंडार्टरेक्टॉमी म्हणजे धमनीच्या आतलं काढून टाकणं, एवढा सरळ शब्द.

आता गोंयकार म्हणून एक गोष्ट सांगितल्याशिवाय राहवत नाही. धमनीचा आतला थर असा काढण्याची पहिली शस्त्रक्रिया लिस्बनला झाली, १९४६ साली, झुआंव सिद दुश सांतुश यांच्या हातून. तेव्हा पणजीत पोर्तुगीज राज्य होतं. आतलं अस्तर काढलं की रक्त लगेच गोठणार, अशी तोवरची धारणा. त्यांनी हेपरिन हे रक्त पातळ ठेवणारं औषध वापरलं. ती मांडीची धमनी होती, मानेवरचं काम पुढं १९५० च्या दशकात सुरू झालं. त्यांचे वडील रेनाल्दु दुश सांतुश यांनी १९२९ मध्ये महाधमनीत औषध सोडून तिचा एक्स-रे काढला होता, आणि त्याच शहरात एगाश मोनीझ यांनी १९२७ मध्ये मेंदूच्या रक्तवाहिन्यांचा. आजची अँजिओग्राफी तिथून आली. पोर्तुगीजांकडून आपण पाव आणि बटाटा घेतल्याचं सगळे सांगतात, याचं नाव कुणी काढत नाही.

मराठीचं म्हणाल तर शाळेत आम्ही रोहिणी आणि नीला शिकलो, बोलताना सगळ्यालाच ‘शीर’ म्हणतो. अर्जात ‘धमनी’ ठेवा. तिच्या मुळाशी ‘ध्मा’ हा फुंकण्याचा धातू आहे. ग्रीकांचा ‘आर्टेरिया’ही आधी श्वासनळीला लागत असे. दोघांनाही एकेकाळी तिच्यात वारा दिसला. अर्जासाठी सुचवतो: ‘मानेतील डाव्या धमनीचे अंतःस्तर-उच्छेदन व पट्टिकायोजित विशालन’.

निवृत्त सिस्टर, ताळगाव

हे वाचून सोसायटीचा सेक्रेटरी स्वतः अ‍ॅडमिट होईल. मास्तर, साधं लिहा: ‘मेंदूला रक्त नेणाऱ्या मानेतील डाव्या धमनीतला साचलेला थर शस्त्रक्रियेने काढला व धमनी पुन्हा अरुंद होऊ नये म्हणून तिला पट्टी जोडून रुंद केले.’ कंसात डॉक्टरी नाव मराठी अक्षरांत घाला. कळी घालू नका, ती आपल्यातच राहू दे.

म्हापसेकर७७

बिलाचं बोललो ते मागे घेतो. काकांचं कार्ड काढून पाहिलं, त्यावर ‘अँजिओप्लास्टी’च्या आधी खरंच तीन शब्द आहेत: तुम्ही सांगितलेले दोन आणि तिसरा हृदयाच्या धमनीचा. आम्ही कधी वाचलेच नव्हते.

साखळीचा मास्तर

सर्वांचे आभार. उशिरा लिहितोय, परीक्षा चालू होत्या.

सर्जननी पत्र लगेच दिलं. स्टिकर सिस्टरांनी सांगितलं तिथंच सापडला, ऑपरेशन नोटच्या मागच्या पानावर. डेक्रॉन आहे. आईनं सगळ्यात आधी तेच विचारलं होतं, फक्त मोठ्यानं नाही. विमा कंपनीनं कागद घेतले, ‘प्रोसेसमध्ये आहे’ म्हणतात. सोसायटीचा अर्ज सिस्टरांच्या वाक्यात गेला.

पूर्ण भूल दिली होती, त्यामुळे बदक नाही. बाबांना त्याचं फार वाईट वाटलं. म्हणतात, टाळ दिला असता तरी मी वाजवला असता.

घशाच्या डॉक्टरांनी दुर्बीण घालून पाहिलं. डावी दोरी सुस्त आहे, हलतेय पण कमी. थांबायला सांगितलंय, आवाजाचे व्यायाम दिलेत. गेल्या गुरुवारी बाबा भजनाला जाऊन बसले, म्हटलं काही नाही, नुसता टाळ धरला. पेटीवाल्यानं विचारलं, शेवटी हृदयाचंच ना? बाबांनी शर्टाची कॉलर बाजूला करून टाका दाखवला आणि घोगऱ्या आवाजात म्हणाले, ‘हांगा कळी घाल्या रे.’ पेटीवाल्याचं घरचं टेलरिंगचं दुकान आहे. तो वाकून बघत राहिला आणि म्हणाला, ‘शिवण बरी पडल्या.’