'२४ फ्रेम्स' : छायाचित्र, चित्रपट की संगणकावरची जोडाजोड?

खिडकीपलीकडे
इराणी दिग्दर्शक अब्बास कियारोस्तामी यांचा '२४ फ्रेम्स' (२०१७) हा चित्रपट नुकताच पाहिला. सुमारे साडेचार मिनिटांची एक, अशा चोवीस स्थिर चौकटी. पहिली चित्रकार ब्रूगेलच्या १५६५ सालच्या 'हंटर्स इन द स्नो' या चित्राची आणि पुढच्या बहुतेक त्यांनी स्वतः टिपलेल्या छायाचित्रांवर बेतलेल्या. ब्रूगेलच्या धुराड्यातून धूर निघू लागतो, बर्फ पडू लागतो, तेव्हा मी गुंगून गेलो होतो. पण हे सारे संगणकाच्या साहाय्याने चित्रात बसवलेले आहे हे वाचल्यावर मन खट्टू झाले. खरी गावे आणि हौशी नट घेऊन ज्यांनी नाव कमावले, त्या दिग्दर्शकाने अखेरीस हा मार्ग का धरावा?

नागमोडी
हा मार्ग त्यांनी अखेरीस धरला असे म्हणता येणार नाही. 'व्हेअर इज द फ्रेंड्स होम?' (१९८७) मध्ये मित्राची वही परत करायला निघालेला मुलगा ज्या वळणावळणाच्या वाटेने टेकडी चढतो, ती वाट तिथे नव्हती. चित्रीकरणासाठी मुद्दाम पाडून घेतली होती. 'शिरीन' (२००८) मध्ये शंभराहून अधिक अभिनेत्री पडद्यावरची प्रेमकथा पाहताना हेलावून जातात. प्रत्यक्षात त्यांच्यासमोर कोणताही चित्रपट चालू नव्हता. कियारोस्तामींच्या घरी बसून त्या कॅमेऱ्याजवळच्या खुणांकडे पाहत होत्या आणि कथेचा आवाज नंतर जोडला गेला. चेहऱ्यांवरचे भाव मात्र त्यांचेच होते.

भरती-ओहोटी
उदाहरणे बिनतोड आहेत, तरी तक्रार पूर्ण मिटत नाही. नागमोडी वाट कथेत विरघळून जाते, तिच्या कृत्रिमपणाची शंकाही येत नाही. '२४ फ्रेम्स'मधले काही पक्षी मात्र चिकटवल्यासारखे दिसतात आणि एकदा ते जाणवले की पुढच्या चौकटीत आपण शिवण शोधत बसतो. 'फाइव्ह' (२००३) मध्ये लाटांबरोबर हेलकावणारा एक ओंडका पाहण्यात जो ताण आहे, तो मला इथे क्वचितच सापडला. '२४ फ्रेम्स' कियारोस्तामींच्या निधनानंतर (जुलै २०१६) मुलगा अहमद यांनी पूर्ण केला, हेही ध्यानात ठेवायला हवे.

नागमोडी
'फाइव्ह'मधले तळ्यातले चंद्रबिंबसुद्धा अनेक रात्रींचे चित्रीकरण जोडून साकारलेले आहे, एवढेच सुचवतो.

कानोसा
चर्चा दिसणाऱ्या गोष्टींवरच चालली आहे, म्हणून आवाजाविषयी लिहितो. कियारोस्तामी तेहरान विद्यापीठात ललित कला शिकले, जाहिराती आणि श्रेयनामावल्या करत चित्रपटांकडे आले. चौकटीत काय ठेवायचे हे त्यांना ठाऊक होतेच, पण मला त्यांची खरी हातोटी काय बाहेर ठेवायचे यात दिसते. 'द विंड विल कॅरी अस' (१९९९) मध्ये टेकडीवर खड्डा खणणाऱ्या माणसाशी नायक बोलत राहतो आणि आपल्याला त्या माणसाचा फक्त आवाज ऐकू येतो. '२४ फ्रेम्स'मध्ये कुठून तरी बंदुकीचा बार होतो, हरणे उधळतात, शिकारी दिसत नाही. छायाचित्रापाशी ही सोय नसते. छायाचित्र टिपण्याच्या आधी आणि नंतर तिथे काय घडले असेल, हा त्यांचा प्रश्न होता. त्याचे उत्तर रचावेच लागणार, कारण तो क्षण निघून गेलेला असतो. पक्षी चिकटवल्यासारखे दिसतात हे मात्र मलाही मान्य आहे. शक्य असल्यास हेडफोन लावून, रोज दोन-तीन चौकटी याप्रमाणे पुन्हा पाहावे. सलग जवळपास दोन तास बसल्यास उत्तरार्धातल्या चौकटींवर अन्याय होतो.