मदत हवी आहे: गुरुत्वाकर्षण आणि पुंजयामिकी (क्वांटम मेकॅनिक्स) यांचे नेमके कुठे बिनसते?

नमस्कार मंडळी,

मी सांगलीत कनिष्ठ महाविद्यालयात भौतिकशास्त्र शिकवते. राष्ट्रीय विज्ञान दिनानिमित्त अकरावी-बारावीच्या मुलांसमोर या विषयावर तासाभर बोलायचे आहे. तयारी बऱ्यापैकी झाली आहे, परंतु गाभ्यातल्याच एका प्रश्नावर घोडे अडले आहे, म्हणून हा धागा काढत आहे. ‘एक सिद्धांत मोठ्या गोष्टींसाठी आणि दुसरा लहान गोष्टींसाठी’ हे ठरावीक उत्तर कृपया देऊ नये; त्याने काहीच उलगडत नाही.

माझी आजवरची समजूत थोडक्यात मांडते. आइन्स्टाइन यांच्या १९१५ च्या समीकरणांत एका बाजूला अवकाशकालाची वक्रता असते आणि दुसऱ्या बाजूला पदार्थ व ऊर्जा. पदार्थ पुंजयामिकीचे नियम पाळतो हे निर्विवाद आहे, म्हणजे ती बाजू एका ठरलेल्या आकड्याने भरता येत नाही, आणि तरीही वक्रतेच्या बाजूला आपण एकच ठरलेली भूमिती गृहीत धरतो. मग वक्रतेलाही पुंजयामिकीचे नियम लावावेत, तर गणितात अनंत राशी उपटतात.

अनंत राशी विद्युतचुंबकीय बलाच्या सिद्धांतातही येतात. पण तिथे इलेक्ट्रॉनचे वस्तुमान आणि विद्युतभार प्रयोगातून घेतले की बाकीचे सारे हिशेब जुळतात. गुरुत्वाकर्षणाच्या बाबतीत ही मात्रा का लागू पडत नाही, हे मला असे समजले आहे: विद्युत बलाची ताकद सांगणारा १/१३७ हा निव्वळ आकडा आहे, त्याला एकक नाही, न्यूटनच्या गुरुत्वाकर्षण स्थिरांकाला (G) मात्र एकक आहे, त्यामुळे बलाची परिणामकारक ताकद ऊर्जेच्या वर्गाबरोबर वाढत जाते आणि आकडेमोडीची प्रत्येक पुढची पायरी एखादा नवा, प्रयोगातूनच ठरवावा लागणारा स्थिरांक मागते. १९७४ मध्ये टी हूफ्ट आणि व्हेल्टमन यांनी पदार्थासह असलेल्या गुरुत्वाकर्षणासाठी ही अडचण पहिल्याच पायरीवर दाखवली. पदार्थ वगळलेले नुसते गुरुत्वाकर्षण त्या पायरीवर निभावते, पण १९८० च्या दशकाच्या मध्यास गोरॉफ आणि सान्योत्ती यांनी दाखवले की दुसऱ्या पायरीवर तेही अडकते.

इथवर ठीक. परंतु कमी ऊर्जेच्या मर्यादेत हे नवे स्थिरांक बाजूला ठेवून न्यूटनच्या नियमातली क्वांटम दुरुस्ती काढता येते, असे डोनह्यू यांनी १९९४ मध्ये दाखवले. एक मीटर अंतरावर ती १० च्या उणे ७० व्या घाताच्या आसपास येते. नगण्य आहे, पण उत्तर तर मिळते! उत्तर मिळत असेल, तर ‘हे दोन सिद्धांत एकत्र नांदत नाहीत’ असे मुलांना कोणत्या तोंडाने सांगावे?

दुसरी शंका वर्गातल्याच एका मुलीची आहे आणि ती मला जास्त बोचते. इलेक्ट्रॉन एकाच वेळी दोन जागी असण्याच्या अवस्थेत असेल, तर त्याचे गुरुत्वाकर्षण कोणत्या जागेकडे ओढते? (याच वळणाचा प्रश्न फाइनमन यांनी १९५७ मध्ये चॅपेल हिलच्या परिषदेत उपस्थित केला होता, हे तिला अर्थातच ठाऊक नव्हते.) सरासरी घ्यावी असे म्हणावे, तर एखादा पाहुणा सांगलीत किंवा मिरजेत असण्याची शक्यता निम्मी-निम्मी आहे म्हणून त्याला भेटायला विश्रामबागेत उतरण्यासारखे होते.

या दोन अडचणींपैकी मूळ कोणते? आणि ‘हे सारे फक्त १० च्या उणे ३५ व्या घाताच्या मीटर अंतरावरच (म्हणजे प्लांक लांबीवरच) जाणवेल’ हे विधान बिनधास्त करावे का? जाणकारांनी कृपया प्रकाश टाकावा. गणित आले तरी चालेल.

प्रतिसाद (साताऱ्याहून)

मॅडम, आपल्या विद्यार्थिनीची शंका मुळाच्या जास्त जवळ आहे, असे माझे मत आहे. कमी ऊर्जेला हिशेब जमतो हे खरेच. परंतु तिथे अवकाशकाल जवळपास सपाट मानून त्यावरच्या बारीक तरंगांना पुंजयामिकी लावलेली असते. मंच आधीच बांधलेला असतो. कृष्णविवराच्या अंतर्भागात किंवा विश्वाच्या आरंभी मंचच डळमळतो, आणि पुंजयामिकी तर बाहेरून दिलेल्या काळाशिवाय एक पाऊलही टाकत नाही. साऱ्या विश्वाच्या भूमितीलाच पुंजयामिकी लावणाऱ्या १९६७ च्या व्हीलर-डीविट समीकरणात काळ हा घटक दिसतच नाही, यावरून अडचणीची खोली कळावी.

मुलांना सांगण्याजोगा याहून सोपा युक्तिवाद रशियातील ब्रॉन्स्टाइन या तरुण शास्त्रज्ञाने १९३६ मध्ये मांडला होता. एखाद्या अतिसूक्ष्म जागेतले क्षेत्र मोजायचे, तर तिथे मोजणारी वस्तू ठेवावी लागते. पुंजयामिकीतल्या अनिश्चिततेचा (जागा नेमकी ठरवली की वेग नेमका ठरत नाही) त्रास कमी करायचा म्हणून ती वस्तू जड करत गेलो, तर विद्युतक्षेत्रात काही बिघडत नाही, कारण विद्युतभार आणि वस्तुमान या स्वतंत्र गोष्टी आहेत. गुरुत्वाकर्षणात वस्तुमान हाच ‘भार’ असतो. जड वस्तू इतक्या लहान जागेत कोंबली की ती स्वतःच्याच गुरुत्वाकर्षणाने कोसळून कृष्णविवर होते आणि मोजमाप संपते. आपण लिहिलेले ते १० च्या उणे ३५ व्या घाताचे अंतर इथून आपोआप निघते.

पुढे या दोन सिद्धांतांना जोडू पाहणारा स्ट्रिंग सिद्धांत आला. तसेच १९८६ मध्ये मूळचे शिरपूरचे अभय अष्टेकर यांनी नवी चले मांडली आणि त्यांतून त्याच दिशेच्या दुसऱ्या प्रयत्नाची, लूप क्वांटम ग्रॅव्हिटीची, वाट निघाली. एका तासाच्या व्याख्यानात या दोन्हींचा नामोल्लेख पुरे.

धागाकर्ती

मनःपूर्वक आभार. ब्रॉन्स्टाइन यांचा युक्तिवाद फळ्यावर चार ओळींत बसेल. एक उपप्रश्न उरतो: १९७५ चा न्यूट्रॉनचा प्रयोग, ज्यात एकाच न्यूट्रॉनचे दोन मार्ग वेगवेगळ्या उंचीवरून नेऊन पृथ्वीच्या गुरुत्वाकर्षणाचा परिणाम टिपला गेला, तो या प्रश्नाचे उत्तर मानता येत नाही का?

प्रतिसाद (साताऱ्याहून)

नाही, आणि हा फरक व्याख्यानात आवर्जून सांगावा. त्या प्रयोगात ओढणारी पृथ्वी आहे आणि ओढला जाणारा न्यूट्रॉन आहे. क्वांटम कण गुरुत्वाकर्षणाला कसा प्रतिसाद देतो ते त्यातून कळते, आणि तिथे काहीच भांडण नाही. आपल्या विद्यार्थिनीने उलट बाजू विचारली आहे: क्वांटम कण स्वतः जे क्षेत्र निर्माण करतो, ते कसे असते? सरासरीच्या कल्पनेविरुद्ध पेज आणि गाइलकर यांनी १९८१ मध्ये शिशाच्या गोळ्यांवर प्रयोग केला. गोळे कुठे ठेवायचे हे किरणोत्सारी क्षयावरून ठरवले, आणि तराजू सरासरी जागेकडे न वळता गोळे प्रत्यक्षात होते तिकडेच वळला. मात्र निरीक्षणाबरोबर तरंगफलन (कणाच्या सर्व शक्यता सांगणारे गणिती वर्णन) कोसळून एकच शक्यता उरते असे मानणाऱ्याला यातून काहीच सिद्ध होत नाही.

‘फक्त अतिसूक्ष्म अंतरावरच’ हे विधान मात्र टाळावे. २०१७ मध्ये बोस आणि सहकाऱ्यांनी, तसेच मार्लेटो व वेड्रल यांनी स्वतंत्रपणे, असा प्रयोग सुचवला आहे: दोन सूक्ष्म कण प्रत्येकी दोन जागी असण्याच्या अवस्थेत शेजारी ठेवावेत आणि केवळ परस्परांच्या गुरुत्वाकर्षणाने त्यांच्यात क्वांटम गुंतणूक (एन्टँगलमेंट) निर्माण होते का ते पाहावे. झाली, तर गुरुत्वाकर्षणाला निव्वळ अभिजात (म्हणजे पुंजयामिकीबाहेरचे) मानणे फार अवघड होईल. अडचण वस्तुमानाची आहे. बोस यांच्या आराखड्यात कण १० च्या उणे १४ व्या घाताच्या किलोग्रॅम इतका हवा, तर २०१९ मध्ये व्हिएन्नात ज्या रेणूंचे व्यतिकरण (एकाच वेळी दोन मार्गांनी गेल्याची खूण) दाखवले गेले, ते पंचवीस हजार अणुवस्तुमान एककांच्या थोडे वर होते. म्हणजे सुमारे २५ कोटी पट हलके.