जुळ्यांच्या बोलण्याला ‘गुप्तभाषा’ म्हणावे का?

वाशीकर: वाचा-उपचारांविषयीची पालकांसाठीची एक पुस्तिका मराठीत आणताना, जुळी मुले आपापसात बोलतात त्या इतरांना न उमगणाऱ्या भाषेसाठी मी ‘गुप्तभाषा’ हा शब्द योजला. तपासणाऱ्या बाईंनी तो खोडून ‘जुळ्यांची बोली’ असे केले. तिच्या ‘क्रिप्टोफेसिया’ या मूळ संज्ञेतच (‘क्रिप्टो’ म्हणजे गुप्त) गुप्तपणा आहे, मग मराठीत तो का नको?

नौपाडेकर: बाईंचे बरोबर आहे. व्यापाऱ्यांची नंदभाषा, हातांच्या खुणांची करपल्लवी किंवा आपली ‘च’ची भाषा ही खरी गुप्त, कारण तिथे लपवण्याचा हेतू असतो. जुळी कोणापासून काही लपवत नाहीत.

ऐरोलीची आत्या: माझ्या जुळ्या भाच्या पंख्याला ‘घुम्मा’ म्हणत आणि तो बंद पडला की ‘घुम्मा निन्नी’. पुढे लिफ्ट, मिक्सर, जे जे थांबेल ते ‘निन्नी’ झाले. ‘निन्नी’ आमच्याच घरातली. ती यंत्रांना लावणे मात्र त्या दोघींचे. एकीचा बोबडा उच्चार दुसरीला कळतो, म्हणून तो सुधारण्याची गरजच उरत नाही आणि तोच रुजतो. सान दिएगोच्या ग्रेस आणि व्हर्जिनिया केनेडी (जन्म 1970) एकमेकींना पोटो आणि कबेंगो म्हणत. त्यांची भाषा आधी सर्वस्वी नवी वाटली होती, पण बारकाईने ऐकल्यावर ती घरात कानांवर पडणाऱ्या इंग्रजी आणि जर्मनचीच मोडतोड निघाली.

वाशीकर: हेतू नसेल, पण ऐकणाऱ्या आईला ती गुप्तच ना? शिवाय मालवणी, अहिराणी या बोलींमागे अख्खा समाज उभा आहे. दोन मुलांच्या बोलण्याला ‘बोली’ म्हणणे म्हणजे शब्द पातळ करणे होय.

नौपाडेकर: पालक ज्या शब्दाने घाबरणार नाहीत, तो योग्य. ‘गुप्त’ वाचून आई मुलांवर संशय घेईल, आणि माझ्या मते ते शब्द पातळ होण्यापेक्षा वाईट आहे.

कळवेकर: मुळात ‘जुळी’ तरी का? आमची कोकणातली आजी ‘जावळी पोरं’ म्हणे. हा शब्द संस्कृत ‘यमल’ (जुळे) यापासून आला, पुस्तिकेत तोच घ्यावा.

नौपाडेकर: ठाण्यातला आजचा पालक ‘जावळी’ वाचून बाळाचे जावळ काढण्याचा विधी समजेल.

कळवेकर: समजू द्या, तळटीप द्यावी. वापरलाच नाही तर शब्द टिकणार कसा? आणि ‘जुळे’ हा ‘जुळणे’पासून आला असे कोणी म्हणत असेल, तर ‘युगल’चा विचार आधी करावा.

ऐरोलीची आत्या: आमच्याकडेही ‘जावळी केळी’ म्हणतात, एकाच सालीतली दोन. ती मुलींना खायला देत नसत.