१९११च्या शील्डचा अख्खा मोसम मुलींना कसा सांगू?

नाशिकरोडची_ताई:
शाळेतल्या मुलींना फुटबॉल शिकवते. पाऊस लागला की मैदानाचा चिखल होतो, बूट जड होतात आणि कुणीतरी विचारतंच, "ताई, अनवाणी खेळू?" त्यावरून अनवाणी पायांनी आयएफए शील्ड जिंकणाऱ्या कलकत्त्याच्या मोहन बागान क्लबचा विषय निघाला. पण जिथे बघावं तिथे फायनलच: २९ जुलै १९११, ईस्ट यॉर्कशायर रेजिमेंटवर २-१. तिथपर्यंत पोचले कसे? आणि ड्युरँड, रोव्हर्स, शील्ड या फुटबॉल स्पर्धांत आधीची कुठली?

देवळालीचे_काका:
ताई, क्रम सोपा आहे. ड्युरँड १८८८, सिमला. रोव्हर्स १८९१, मुंबई. आयएफए शील्ड १८९३, कलकत्ता. सुरुवातीला दबदबा गोऱ्या पलटणींचाच. पहिली ड्युरँड रॉयल स्कॉट्स फ्युझिलियर्सची, पहिली रोव्हर्स वुस्टरशायर रेजिमेंटची. पलटणीची टीम म्हणजे काय, हे आम्हा कॅम्पातल्या लोकांना सांगायला नको. रोजची कवायत, ठरलेला खुराक, सगळे एकाच बराकीतले.

आता १९११. सेंट झेवियर्स ३-०, रेंजर्स २-१, रायफल ब्रिगेड १-०. सेमीफायनलला मिडलसेक्स रेजिमेंटशी १-१. पेनल्टी शूटआउट तेव्हा नव्हतंच, ते १९७०मध्ये आलं. म्हणून सामना पुन्हा खेळवला आणि त्याच पलटणीला ३-० हरवलं! मला विचाराल तर शील्ड तिथेच जिंकली. मुलींना फायनलच्या आधी हे सांगा.

चिखलातला_विंगर:
ताई, अनवाणी अजिबात नको. त्या टीममध्ये दहा जण अनवाणी होते, बूट फक्त सुधीर चॅटर्जींच्या पायात. कोरड्या मैदानावर उघड्या पायाला बॉल छान कळतो, पण चिखलात पाय धरत नाही, आणि वर समोरच्याचा स्टडचा बूट पडला की नख गेलंच. फायनलला पहिला गोल पलटणीचा होता, हेही सांगा. मग कॅप्टन शिवदास भादुरींनी बरोबरी केली आणि शेवटी अभिलाष घोषांनी विजयी गोल मारला.

तो काळ कसा होता ते मात्र नाशकातूनच सांगा. आपण ज्याला गोल्फ क्लब म्हणतो ते हुतात्मा अनंत कान्हेरे मैदान. २१ डिसेंबर १९०९ला विजयानंद थिएटरात कलेक्टर जॅक्सनवर गोळ्या झाडल्या, एप्रिल १९१०मध्ये कान्हेरेंना फाशी झाली. त्याच्या पुढच्याच वर्षी हे शील्ड. गोऱ्यांच्या टीमला हरवणं म्हणजे काय, ते मुलींना लगेच कळेल.

नाशिकरोडची_ताई:
काका, मिडलसेक्सचं अगदी पटलं. आता सरावात बरोबरी झाली की पेनल्टी नाही, दुसऱ्या दिवशी तोच सामना परत. दादा, कान्हेरेंचंही नक्की सांगते. आणखी एक, मुंबईची रोव्हर्स भारतीय टीमने कधी जिंकली?

देवळालीचे_काका:
१९३७ला, बंगलोर मुस्लिम्सनी. त्याआधी १९२३ला मोहन बागान फायनलपर्यंत आलं होतं, पण डरहॅम लाइट इन्फन्ट्रीने हरवलं.